एनबीएचा दुखापत अहवाल कसा वाचावा

बास्केटबॉलमध्ये एका वेळी एका संघाचे पाचच खेळाडू कोर्टवर असतात आणि एनबीए या उत्तर अमेरिकेतील व्यावसायिक बास्केटबॉल लीगच्या ४८ मिनिटांच्या सामन्यातली साधारण ३५ मिनिटे संघाचा प्रमुख खेळाडू खेळत असतो. क्रिकेट किंवा फुटबॉलमध्ये अकरातला एक कमी झाला तर उरलेले दहा जण त्याची उणीव थोडीफार झाकू शकतात. इथे पाचातला एक गेला आणि नेमका तोच चेंडू हाताळणारा, समोरचा बचाव फोडणारा, अटीतटीच्या क्षणी फेक घेणारा असला, तर संघाची खेळण्याची पद्धतच बदलते. म्हणून सामना पाहणारे, त्यावर लिहिणारे, फँटसी संघ मांडणारे आणि अमेरिकेतील ज्या राज्यांत कायदा परवानगी देतो तिथे पैज लावणारे, असे सगळेच सामन्यापूर्वी आज कोण खेळणार याचा शोध घेत असतात. ही माहिती उघडपणे मिळते आणि बरीचशी अधिकृतही असते. तरीही ती वाचताना लोक चुकतात, कारण ते केवळ अहवालातला शब्द वाचतात. तो कोणत्या वेळी लिहिला गेला आणि लिहिणाऱ्याचा त्यात काय हेतू असू शकतो, इकडे त्यांचे लक्ष नसते.

अधिकृत माहितीचा उगम म्हणजे लीगचा दुखापत अहवाल. नियमानुसार प्रत्येक संघाने सामन्याच्या आदल्या दिवशी स्थानिक वेळेनुसार सायंकाळी ५ वाजेपर्यंत आपल्या खेळाडूंची स्थिती लीगला कळवायची असते. लागोपाठच्या दोन दिवशी सामने असतील, ज्याला बॅक-टू-बॅक म्हणतात, तर दुसऱ्या सामन्यासाठीची माहिती त्या दुसऱ्या सामन्याच्या दिवशी दुपारी १ वाजेपर्यंत देण्याची मुभा असते, कारण पहिला सामना संपून खेळाडूंची तपासणी होईपर्यंत वैद्यकीय पथकालाच नक्की काही सांगता येत नाही. डिसेंबर २०२५ मध्ये लीगने ही पद्धत आणखी कडक केली. संध्याकाळच्या सामन्यांसाठी त्या दिवशी सकाळी ११ ते दुपारी १ या वेळेत अहवाल पुन्हा सादर करणे बंधनकारक झाले आणि जाहीर अहवाल दर तासाऐवजी दर १५ मिनिटांनी अद्ययावत होऊ लागला. स्थिती बदलली की संघाने तसे कळवायचे आणि पुढच्या आवृत्तीत तो बदल दिसायचा, अशी ही व्यवस्था आहे.

स्थानिक वेळ या शब्दांकडे नवखा वाचक सहज दुर्लक्ष करतो. न्यूयॉर्क आणि लॉस एंजेलिस यांच्या घड्याळांत तीन तासांचे अंतर आहे, त्यामुळे तीसही संघांची माहिती एकाच क्षणी कधीच येत नाही. पूर्व किनाऱ्यावरच्या संघांची नावे आधी येतात, पश्चिमेकडची उशिरा, आणि एकत्रित अहवालात मात्र सामन्यांच्या वेळा पूर्व अमेरिकेच्या वेळेनुसार छापलेल्या असतात. ज्या संघाने अजून माहिती दिलेली नाही त्याच्यासमोर तशी स्पष्ट नोंद असते. ती नोंद न पाहता, यादीत कोणाचेच नाव नाही म्हणजे संघ पूर्णपणे तंदुरुस्त आहे असा निष्कर्ष काढणे, ही सर्वांत सामान्य चूक आहे. म्हणून अहवाल उघडल्यावर खेळाडूचे नाव शोधण्याआधी माथ्यावरची तारीख आणि वेळ पाहावी. तीन तासांपूर्वीची प्रत कोणीतरी पुढे पाठवलेली असली, तर तिच्यातला शब्द तेव्हा खरा होता, एवढेच तिच्यावरून म्हणता येते.

आता खेळाडूच्या नावापुढे येणाऱ्या शब्दांविषयी. 'आउट' म्हणजे खेळाडू खेळणार नाही आणि 'अव्हेलेबल' म्हणजे तो खेळण्यास उपलब्ध आहे. मधले तीन शब्द शक्यतेचे आहेत: 'प्रॉबेबल' म्हणजे खेळण्याची शक्यता सुमारे ७५ टक्के, 'क्वेश्चनेबल' म्हणजे ५० टक्के आणि 'डाउटफुल' म्हणजे २५ टक्के. अमेरिकन फुटबॉलच्या एनएफएलने २०१६ मध्ये 'प्रॉबेबल' हा वर्ग काढून टाकला. एनबीएने तो ठेवला. कागदावर ही विभागणी नीटनेटकी दिसते, पण ही टक्केवारी कोणत्याही यंत्राने मोजलेली नसते. संघाचे डॉक्टर, प्रशिक्षक आणि व्यवस्थापन यांनी मिळून केलेला तो अंदाज असतो. त्यातही 'क्वेश्चनेबल' हा शब्द फार निरनिराळ्या परिस्थितींवर पांघरूण घालतो. एखाद्याचा घोटा काल रात्री मुरगळला आहे आणि आज सकाळी त्याला पाऊल टेकवता येते का हे खरोखरच कोणाला ठाऊक नाही, तेव्हाही तो 'क्वेश्चनेबल'. आणि एखाद्याचा गुडघा वर्षभर कुरकुरतो, तो दर सामन्याआधी यादीत येतो आणि जवळजवळ दरवेळी खेळतो, तरी तोही 'क्वेश्चनेबल'च. दोघांच्या नावापुढचा शब्द एक असला तरी शक्यता सारखी नाही. म्हणून त्या शब्दाचा अर्थ त्या खेळाडूच्या आणि त्या संघाच्या मागच्या नोंदींवरून लावावा लागतो. काही संघ सावधपणे खालचा वर्ग लिहितात आणि मग खेळाडूला वर चढवतात, तर काही संघ शेवटपर्यंत 'प्रॉबेबल' ठेवून ऐन वेळी नाव मागे घेतात. महिनाभर एका संघाचा अहवाल रोज पाहिला तरी त्याची ही सवय लक्षात येऊ लागते.

शब्दाच्या शेजारी कारणाचा रकाना असतो आणि माझ्या मते अहवालातला सर्वांत उपयुक्त भाग तोच आहे. डावा घोटा, मुरगळ, उजवी पोटरी, स्नायू ताण, आजारपण, विश्रांती, वैयक्तिक कारण, जी लीगमधील (एनबीएची दुय्यम लीग) संघाकडे रवानगी, अशा तिथल्या नोंदी असतात. कायम करारावरच्या १५ खेळाडूंखेरीज संघाकडे टू-वे करारावरचे तीन खेळाडू असू शकतात आणि ते मुख्य संघ व जी लीग यांच्यात ये-जा करत असतात. त्यांची नावे 'आउट' म्हणून वरचेवर दिसतात, पण त्यांचा दुखापतीशी काही संबंध नसतो. 'इंज्युरी मॅनेजमेंट' ही नोंद असली, तर नवी इजा झालेली नसून जुन्या इजेची काळजी घेण्यासाठी खेळाडूला एखादा सामना बसवले जात आहे, असा बहुधा अर्थ असतो. अशी नोंद बॅक-टू-बॅकच्या दोनपैकी एका सामन्यात वारंवार दिसते आणि त्यामुळे वेळापत्रक हातात असले की तिचा अंदाज आधीच बांधता येतो. प्रत्येक संघाच्या वाट्याला हंगामात अशा सुमारे १५ जोड्या येतात. 'रिटर्न टू कॉम्पिटिशन रीकंडिशनिंग' या लांबलचक नोंदीचा अर्थ, इजा भरून आली आहे पण सामन्याची धावपळ झेपेल इतकी शरीराची तयारी अजून झालेली नाही, असा घ्यावा. अशा खेळाडूचे पुनरागमन जवळ आलेले असते. (सामना संपल्यावर निघणाऱ्या तक्त्यातही न खेळण्याचे कारण छापतात. मार्च २०१२ मध्ये सॅन अँटोनियो स्पर्सच्या टिम डंकनच्या नावापुढे, तो खेळला नाही कारण तो म्हातारा आहे, अशा अर्थाचा एक शब्द नोंदवला गेला होता आणि लीगच्या कागदपत्रांत विनोदाला जागा मिळाल्याचे ते दुर्मीळ उदाहरण आहे.)

कारण कळले की कालावधीचा ढोबळ अंदाज येतो. घोटा मुरगळणे ही या खेळातली नेहमीची इजा आहे. उडी मारून खाली येताना दुसऱ्याच्या पायावर पाय पडला की ती होते. सौम्य मुरगळ दोन-चार दिवसांत आवाक्यात येते, पण अस्थिबंध जास्त ताणला किंवा फाटला गेला असेल तर कित्येक आठवडे जातात. मांडीच्या मागच्या स्नायूचा ताण फसवा असतो: चालताना काही जाणवत नाही, सरळ रेषेत धावताही येते, मात्र अचानक वेग घेताना तो पुन्हा उसळतो, म्हणून संघ तिथे घाई करत नाहीत. पोटरीच्या ताणाकडे तर अलीकडे सगळेच धास्तावून पाहतात. २०१९ च्या अंतिम मालिकेत गोल्डन स्टेट वॉरियर्सचा केव्हिन ड्युरंट पोटरीच्या दुखापतीमुळे महिनाभर बाहेर राहून पाचव्या सामन्यात परतला आणि त्याच सामन्यात त्याचा टाचेमागचा अकिलीस स्नायुबंध तुटला. जून २०२५ मध्ये इंडियाना पेसर्सच्या टायरीस हॅलिबर्टनची पोटरी अंतिम मालिकेच्या मध्यावर ताणली गेली. तरीही तो खेळत राहिला आणि सातव्या, निर्णायक सामन्याच्या पहिल्याच सत्रात त्याचाही अकिलीस तुटला. पहिल्या इजेमुळेच दुसरी झाली, असे बाहेरून ठामपणे म्हणता येत नाही, परंतु अशा उदाहरणांनंतर 'पोटरी, ताण' ही नोंद पाहून संघ अधिक सावधपणे वागेल असे गृहीत धरणे वाजवी आहे. डोक्याला मार लागला असेल तर गणित निराळे असते. २०११-१२ च्या हंगामापासून लीगची त्यासाठी ठरलेली कार्यपद्धती आहे. खेळाडूची लक्षणे पूर्ण थांबावी लागतात आणि मग सायकल, धावणे, चपळाईचे व्यायाम अशा चढत्या पायऱ्यांवर ती परत येत नाहीत हे पाहिले जाते. प्रशिक्षकाची किंवा खेळाडूची इच्छा कितीही असली तरी या पायऱ्या गाळता येत नाहीत.

सामन्याच्या दिवशी माहिती टप्प्याटप्प्याने घट्ट होत जाते. सकाळी बहुतेक संघ शूटअराउंड नावाचा हलका सराव करतात, आणि खेळाडू त्यात उतरला की नाही हा दिवसातला पहिला खरा संकेत असतो; मात्र बॅक-टू-बॅकच्या दुसऱ्या दिवशी हा सराव बहुधा नसतोच, त्यामुळे त्याच्या अभावातून काही निष्कर्ष काढू नये. दुपारी सुधारित अहवाल येतो. सामन्याच्या साधारण दीड-पावणेदोन तास आधी दोन्ही प्रशिक्षक पत्रकारांशी बोलतात आणि तिथे 'वॉर्मअपमध्ये कसे वाटते ते पाहून ठरवू' हे वाक्य पुष्कळदा ऐकू येते. यालाच गेम-टाइम डिसिजन म्हणतात. त्यानंतर खेळाडू कोर्टवर येऊन आपला नेहमीचा सराव करतो, फिजिओ बाजूला उभा राहून त्याच्या हालचाली पाहतो, आणि संघाची माहिती देणारे स्थानिक वार्ताहर त्याची बातमी लगेच देतात. अखेर सामन्याच्या ३० मिनिटे आधी सुरुवातीचे पाच खेळाडू जाहीर करावे लागतात. २०१९-२० च्या हंगामापूर्वी ही मुदत फक्त १० मिनिटांची होती.

या टप्प्यांत कोणाचे किती ऐकावे, याचे साधे तत्त्व असे की जो माणूस त्या इमारतीत हजर आहे आणि रोज त्याच संघावर लिहितो, त्याचा शब्द त्या दिवसापुरता सर्वांत भरवशाचा असतो. ईएसपीएनच्या शॅम्स चॅरानियासारखे राष्ट्रीय पातळीवरचे बातमीदार मोठ्या दुखापती, एमआरआयचे निष्कर्ष आणि किती आठवडे लागतील याचे अंदाज सर्वांच्या आधी देतात. आजच्या सामन्यात अमुक खेळाडूने सरावात उडी मारताना पाय उचलून धरला का, हे मात्र स्थानिक वार्ताहरच पाहत असतो. ख्यातनाम बातमीदारांच्या नावात एखादे अक्षर बदलून खोटी बातमी सोडणारी खाती समाजमाध्यमांवर कायम असतात आणि सामन्यापूर्वीच्या गडबडीत ती अनेकांना फसवतात. म्हणून खळबळजनक बातमी दिसली तर ती लीगच्या पुढच्या अद्ययावत अहवालात येते का, हे पाहावे. आता तो १५ मिनिटांच्या अंतराने येत असल्याने थांबण्याची किंमत फारशी नाही.

न खेळणारा प्रत्येक खेळाडू जायबंदी असतोच असे नाही, आणि लीगने सर्वाधिक नियम याच मुद्द्यावर केले आहेत. ८२ सामन्यांच्या हंगामात प्रमुख खेळाडूला अधूनमधून विश्रांती देणे संघाच्या दृष्टीने शहाणपणाचे असते, पण त्याच सामन्याचे तिकीट काढलेल्या प्रेक्षकाच्या आणि प्रक्षेपणाचे हक्क विकत घेतलेल्या वाहिनीच्या दृष्टीने ते नुकसान असते. नोव्हेंबर २०१२ मध्ये स्पर्सने मायामीतल्या सामन्याआधी डंकन, टोनी पार्कर, मनू जिनोबिली आणि डॅनी ग्रीन या चौघांना घरी पाठवले, तेव्हा लीगने संघाला २,५०,००० डॉलर दंड केला. पुढे २०१८-१९ मध्ये टोरोंटो रॅप्टर्सने क्वाय लेनर्डला ८२ पैकी ६० सामनेच खेळवले आणि विजेतेपद मिळवले, त्यामुळे 'लोड मॅनेजमेंट' हा प्रकार बदनामही झाला आणि त्याचे अनुकरणही झाले. २०२३-२४ पासून लागू झालेल्या धोरणानुसार, मागच्या तीन हंगामांत ऑल-स्टार (निवडक खेळाडूंचा वार्षिक सामना) किंवा ऑल-एनबीए (हंगामातील सर्वोत्तम खेळाडूंचा) संघात निवडला गेलेला खेळाडू 'स्टार' धरला जातो. संघाने एकाच सामन्यात दोन निरोगी स्टार बसवू नयेत आणि राष्ट्रीय प्रक्षेपणाच्या सामन्यांत त्यांना उपलब्ध ठेवावे, अशी अपेक्षा असते. पहिल्या उल्लंघनाला १,००,००० डॉलर, दुसऱ्याला २,५०,००० डॉलर आणि त्यापुढच्या प्रत्येकाला आधीच्यापेक्षा दहा लाख डॉलर अधिक, असा दंड आहे. वयस्क किंवा फार मिनिटे खेळलेल्या खेळाडूंना बॅक-टू-बॅकसाठी सवलत मिळू शकते.

हा दंड केवळ कागदावर नाही. मार्च २०२५ मध्ये युटा जॅझला लॉरी मार्कानेनला न खेळवल्याबद्दल १,००,००० डॉलर भरावे लागले. हंगामाच्या अखेरीस ज्या संघांना जिंकण्यापेक्षा हरण्यातच अधिक लाभ असतो, कारण खालचे स्थान म्हणजे पुढच्या ड्राफ्टमध्ये (नव्या खेळाडूंच्या निवडीत) वरची निवड मिळण्याची जास्त शक्यता, अशा संघांचे अहवाल मार्च-एप्रिलमध्ये विशेष संशयाने वाचावेत. पाठदुखी, गुडघेदुखी या नोंदी त्या दिवसांत जरा जास्तच फोफावतात. याच्या उलट दिशेने ओढणारा नियमही आहे. २०२३-२४ पासून मोसमातला सर्वोत्तम खेळाडू यांसारख्या बहुतेक मोठ्या सन्मानांसाठी किमान ६५ सामने खेळणे आवश्यक झाले आहे, आणि सामना धरला जाण्यासाठी सहसा २० मिनिटे खेळावे लागते. १५-१६ सामने आधीच हुकलेला दावेदार 'क्वेश्चनेबल' असला, तर त्याच्या खेळण्याची शक्यता त्या शब्दाने सुचवलेल्या ५० टक्क्यांहून बरीच जास्त धरायला हरकत नाही.

लीगला एवढ्या तपशिलाची गरज का वाटते, याचे आणखी एक उत्तर पैजेच्या बाजारात आहे. मे २०१८ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने क्रीडा-पैजेवरील संघराज्यीय निर्बंध रद्द केले आणि त्यानंतर राज्यामागून राज्य तिला परवानगी देत गेले. आता एखादा खेळाडू बसणार आहे हे इतरांच्या तासभर आधी कळणे, याला थेट पैशाचे मोल आले. टोरोंटोच्या जॉन्टे पोर्टरवर एप्रिल २०२४ मध्ये आजीवन बंदी घातली गेली, कारण त्याने स्वतःच्या प्रकृतीची गोपनीय माहिती पैज लावणाऱ्याला पुरवली होती. २० मार्च २०२४ च्या सामन्यात तो आजारपणाचे कारण देऊन तीन मिनिटांतच बाहेर पडला. त्याच्या कामगिरीविरुद्ध ८०,००० डॉलरची पैज लागली होती, तिच्यावर ११ लाख डॉलर मिळाले असते, पण संशय आल्याने ती रोखली गेली. ऑक्टोबर २०२५ मध्ये अमेरिकी तपास यंत्रणांनी एनबीएशी संबंधित आणखी काही व्यक्तींवर अशाच अंतर्गत माहितीच्या वापराचे आरोप ठेवले. अहवालाची वारंवारता वाढवण्याचा वर सांगितलेला निर्णय त्यानंतरचा आहे. माहिती जितक्या लवकर सर्वांसाठी खुली होते, तितका ती आधी मिळवण्याचा फायदा घटतो, असा त्यामागचा विचार.

तरीही संघ सगळे सांगतात असे समजू नये. ते सांगतील ते प्रामाणिक असावे असा लीगचा आग्रह असतो आणि ऑक्टोबर २०२४ मध्ये जोएल एम्बीडच्या प्रकृतीविषयी विसंगत विधाने केल्याबद्दल फिलाडेल्फियाच्या संघाला दंडही झाला. मात्र प्रतिस्पर्ध्याला तयारीला कमीत कमी वेळ मिळावा, ही इच्छा प्रत्येक संघाची असते, आणि बाद फेरीत ती कळसाला पोचते. एकाच प्रतिस्पर्ध्याशी सातपर्यंत सामने खेळायचे असताना, डावा घोटा दुखतो हे उघड झाले की समोरचा संघ त्याच बाजूने हल्ला चढवणार, हे उघड आहे. १९७० च्या अंतिम मालिकेच्या सातव्या सामन्यात न्यूयॉर्क निक्सचा विलिस रीड मांडीचा स्नायू फाटलेला असताना खेळणार की नाही, हे तो वॉर्मअपसाठी कोर्टवर येईपर्यंत कोणालाच ठाऊक नव्हते. त्याने सामन्यातले निक्सचे पहिले दोन बास्केट केले, त्यानंतर एकही गुण मिळवला नाही आणि निक्सने ११३-९९ असा विजय मिळवला, तो मुख्यतः वॉल्ट फ्रेझियरच्या ३६ गुणांच्या बळावर.

रीडच्या त्या चार गुणांवरून उपलब्ध असणे आणि नेहमीसारखे खेळणे यांतले अंतर दिसते, आणि अहवाल या बाबतीत जवळजवळ मुका असतो. दीर्घ दुखापतीतून परतणाऱ्या खेळाडूवर मिनिटांची मर्यादा असते. तो २० किंवा २४ मिनिटेच खेळेल, हे अहवालात लिहिलेले नसते आणि ते प्रशिक्षकाच्या सामन्यापूर्वीच्या बोलण्यातूनच बाहेर येते. म्हणून पुनरागमनाचा पहिला सामना नेहमी सावधपणे पाहावा. उलट बाजूने, मुख्य खेळाडू बाहेर असला की त्याच्या जागी नाव लागलेला खेळाडूच त्याचे गुण भरून काढतो असे क्वचितच घडते. राखीव पॉइंट गार्ड (चेंडू पुढे नेऊन खेळ मांडणारा) सुरुवातीच्या पाचात येतो खरा, पण फेका आणि चेंडूचा ताबा संघातल्या दुसऱ्या-तिसऱ्या क्रमांकाच्या खेळाडूंकडे सरकतो, त्यांना स्वतःसाठी संधी निर्माण कराव्या लागतात आणि समोरचा सर्वोत्तम बचावपटू आता त्यांच्या अंगावर येतो. उंच सेंटर (बास्केटजवळ खेळणारा) नसेल तर परिणाम गुणांपेक्षा रिबाउंडमध्ये (हुकलेल्या फेकीचा चेंडू पकडण्यात) आणि बास्केटजवळच्या बचावात आधी दिसतो. हे पाहण्यासाठी तो खेळाडू नसतानाचे त्याच संघाचे याआधीचे सामने काढून, कोणाची मिनिटे वाढली आणि कोणाच्या फेका वाढल्या एवढे ताडून पाहणे पुरते. आणि सुरुवातीचे पाच जाहीर झाल्यानंतरही, वॉर्मअपमध्ये पाठ आखडली म्हणून शेवटच्या दहा मिनिटांत नाव मागे घेतले जाण्याचे प्रकार दर हंगामात घडतात. त्यांवर कोणत्याही अहवालाचा इलाज नाही.